डावा बांध

माझा भाऊ रियासत मस्तोई आमदार झाला तो त्याच्या पदवीमुळं. त्या निवडणुकीच्या आधी कायदा आला होता, की पदवी नसेल त्याला उमेदवारी नाही. आमच्या भागातली प्रांतिक असेंब्लीची जागा सरदार मुरीद खानांच्या घरात आजोबांपासून चालत आलेली, आणि त्यांचा मुलगा लाहोरच्या कॉलेजातून पदवी न घेताच परत आला, शिकला तो फक्त मोटार पळवायला. सरदारांना एक पदवीधर हवा होता. खुर्चीत बसवला की बसेल, ऊठ म्हटलं की उठेल असा.

रियासत तहसिलीच्या कोर्टात वकिली करायचा. आमचे अब्बा सिंधूच्या बांधावर बेलदार होते. साळिंदरांची बिळं बुजवण्यात आणि गवत कापण्यात त्यांचा जन्म गेला. अशा माणसाचा मुलगा डोईजड व्हायचा नाही, असा सरदारांचा अंदाज.

अंदाज चुकला. रियासत असेंब्लीत तोंड उघडायला लागला. कालव्याच्या शेवटाला असलेल्या शेतांना पाणी का पोचत नाही, वरच्या अंगाला कुणाकुणाचे पंप लागलेत, हे त्यानं नावं घेऊन विचारलं. त्यात सरदारांच्या साडूचंही नाव होतं. पुढच्या निवडणुकीला पदवीचा कायदा गेला, सरदारांचा मुलगा तयारच होता, पण आता पक्षालाच रियासत हवा होता. सरदारांनी हसून मान डोलावली. नंतर तो पाटबंधारे मंत्री झाला, तेव्हा त्यांनी आंब्याच्या पेट्या पाठवल्या आणि निरोप दिला, "आमच्या घरचा मंत्री झाला."

मी त्याची थोरली बहीण. माझं लग्न झालं नाही. आई गेल्यावर त्याला मीच वाढवलं. नोकरी नदीच्या डाव्या काठाला, सरदारपूरच्या मुलींच्या शाळेत. मुख्याध्यापिका मीच, शिपाईही मीच म्हणा ना. राहायचे शाळेच्याच दोन खोल्यांत. आमचं गाव, बस्ती मस्तोई, उजव्या काठाला. मधे नदीवर दारांचा बंधारा, शाहवाला बॅरेज. बॅरेजच्या पुलावरून सुट्टीला गावी जायचे. डावीकडं सगळं सरदारांचं होतं. ऊस, आंब्याच्या बागा, साखर कारखाना, आणि त्यात राबणारी कुळं. माझ्या मुली त्या कुळांच्याच.

ते पुराचं वर्ष. डोंगरांत पाऊस कोसळला आणि पाणी खाली यायला लागलं. पेपरांत आकडे यायचे, पण आम्हाला आकड्यांपेक्षा नदीचा वास कळतो. मातीचा वास जाऊन कुजक्या झाडांचा यायला लागला, तेव्हा म्हाताऱ्या माणसांनी बाजा छपरांवर चढवल्या.

रियासत लाहोरहून आला आणि बॅरेजजवळच्या कालवा खात्याच्या बंगल्यात मुक्काम ठोकून राहिला. मी त्याच्यासाठी रोट्या आणि पालेभाजी घेऊन गेले. दाढी वाढलेली, डोळे लाल. नकाशा पसरून तो आणि अभियंता तुफैलसाहेब उभे होते.

"आपा, तू कशाला आलीस?"

"तू जेवला नाहीस म्हणून."

"ठेव आत. जेवतो."

तो जेवणार नाही हे मला ठाऊक होतं. मी आतल्या खोलीत पदर सावरून बसले. मधे नुसता पडदा. तेवढ्यात बाहेर गाड्या थांबल्या आणि सरदार मुरीद खानांच्या काठीचा आवाज आला. मग मला बाहेर पडताच येईना.

"बेटा," सरदार बसता बसता म्हणाले, "डोळे बघ तुझे. झोपत जा. नदी काय, दर वर्षी येते."

"या वर्षी ती जायला तयार नाही, साईं. बॅरेजच्या दारांतून जेवढं जातंय त्याहून जास्त मागून येतंय. कुठला तरी बांध फोडावाच लागेल. नाहीतर बॅरेज जाईल, आणि खालचं शहर जाईल."

"मग फोड की. उजवा फोड."

तुफैलसाहेब चाचरत म्हणाले, "साईं, बॅरेज बांधलं तेव्हाच ठरलंय. फोडायची जागा डाव्या बांधावर आहे. तिकडं नदीचं जुनं पात्र आहे, पाणी त्यातून वाळवंटाकडं निघून जातं. उजवीकडं खोलगट जमीन. आत गेलेलं पाणी बाहेर यायचं नाही, महिनोन्‌महिने साचेल."

"मी तुझ्याशी बोलतोय का?" सरदारांचा आवाज चढला नव्हता.

त्यांनी चहाचा कप खाली ठेवला. सरदार पुन्हा बोलले ते अगदी मायेनं.

"रियासत, मी तुझ्या भल्याचं सांगतो. उजवीकडं तुझं गाव आहे. डावा फोडलास तर लोक काय म्हणतील? मंत्र्यानं आपलं गाव वाचवलं आणि ज्याचं मीठ खाल्लं त्याला बुडवलं. पेपरवाले म्हणतील, विरोधक म्हणतील. आणि तू स्वतःचं गाव पाण्यात घातलंस तर? सारा पंजाब तुला डोक्यावर घेईल. घरं मी बांधून देतो, पक्की. लाहोरला माझं बोलणं झालंय. वरचे म्हणतात, मंत्र्याला योग्य वाटेल ते."

म्हातारा खोटं बोलत नव्हता. लोक हेच म्हणणार होते.

"साईं," रियासत म्हणाला, "उजवीकडं बस्ती मस्तोई एकटी नाही. मागं पार रेल्वेच्या रुळांपर्यंत गावं आहेत. लोक काय म्हणतील म्हणून त्यांना बुडवू?"

"म्हणजे मला बुडवणार."

"तुमची कुळं आधी बाहेर काढू. ट्रॉल्या मागवल्यात. भरपाईचं मी बघतो."

सरदार उठले. काठी जमिनीवर टेकल्याचं मी ऐकलं. "माझी माणसं माझ्या जमिनीवरून हलणार नाहीत," ते म्हणाले. "तू फोडून तर बघ."

गाड्या गेल्या. मी बाहेर आले. रियासत नकाशाकडं बघत होता, पण नजर तिथं नव्हती.

"ऐकलंस ना? काय करू, आपा?"

"मला विचारतोस? मी गाव म्हणणार. माझी आई तिथं पुरलीय."

"म्हणून तर विचारतोय. माझ्या मनातही तेच आहे का, एवढंच मला बघायचंय. गाव डावीकडं असतं, तर मी काय केलं असतं?"

मी म्हटलं, "तुफैलसाहेब काय म्हणतात ते केलं असतंस."

त्यानं मान डोलावली. तुफैलसाहेबांनी लेखी हुकूम मागितला. नोकरीचा प्रश्न होता बिचाऱ्याचा. रियासतनं उभ्या उभ्या लिहून दिला. संध्याकाळच्या आत डावा बांध फोडायचा.

दुपारी पोलीस अधिकारी धावत आला. सरदारांचा कारभारी करमदाद यानं कुळांच्या बायका-पोरांना नेमक्या फोडायच्या जागी बांधावर बसवलं होतं. पुरुषांना खाली उभं केलं होतं, आणि त्यांच्यामागं बंदूकवाले. बायका बसल्यात तोवर कोण बांधाला हात लावतोय, असा हिशेब.

"हुकूम द्या," अधिकारी म्हणाला. "लाठ्या चालवू, घटकेत मोकळं करतो."

"बायकांवर? पलीकडं पाणी आहे. धावपळ झाली तर निम्म्या नदीत पडतील."

"मग काय करायचं, सर? पाणी थांबत नाहीये."

मी रोट्यांचं फडकं घडी करत होते. म्हटलं, "मी जाते."

"तू नाही जायचं," रियासत म्हणाला.

"मग कोण जाणार? तू? तुला बघितलं की करमदाद गोळी घालेल आणि म्हणेल गर्दीतून सुटली. त्या बायका माझ्या आहेत. त्यांच्या मुलींच्या डोक्यातल्या उवा मी काढल्यात."

त्यानं माझा हात धरला. लहानपणी जत्रेत धरायचा तसा. मग सोडला.

मी शाळेवरून बांधावर चढले. चढताना पायाखालची माती मऊ लागत होती. खालच्या अंगानं जागोजाग पाणी पाझरत होतं. अब्बा म्हणायचे, पाझर स्वच्छ असेल तर घाबरू नये, गढूळ झाला की पळावं. पाझर गढूळ होता. वर पोचले आणि नदी दिसली. एवढ्या वर्षांत मी ती अशी कधी पाहिली नव्हती. पलीकडचा काठच नव्हता. पाणी बांधाच्या माथ्याशी आलं होतं आणि त्यावरून एक अख्खं छप्पर वाहत चाललं होतं, त्यावर कोंबड्या बसलेल्या.

बायका ओळीनं बसल्या होत्या. पोरं मांडीवर.

करमदाद पुढं आला. "उस्तानीजी, परत जा. हे शाळेच्या बाईंचं काम नाही."

"मी माझ्या मुलींना भेटायला आलेय," मी म्हटलं आणि त्यांच्यातच जाऊन बसले. त्यानं मला हात लावला असता, पण सगळ्या बघत होत्या.

माझ्या शेजारी सैदाँ होती. तिच्या दोन मुली माझ्याकडं शिकायच्या. ती सरदारांच्या हवेलीत कामाला होती. तिनं माझ्याकडं पाहिलंच नाही.

"सैदाँ, ऊठ. मुलींना घेऊन ट्रॉलीत बस. संध्याकाळी हे फोडणार आहेत."

"आम्ही बसलोय तर कसं फोडतील?"

"तुम्ही बसलात तरी नदी फोडेल. खाली बघ, बांध कसा पाझरतोय."

पलीकडून म्हातारी माई बख्ताँ कडाडली. सगळ्या सरदारपुरात तिच्या तोंडाला लागायची कुणाची हिंमत नव्हती. "बाई गं, एवढी कळकळ असेल तर तुझं गाव फोड! भाऊ मंत्री, बहीण उस्तानी. तुमची घरं कोरडी आणि आमची नदीत? आम्हाला काय दुसऱ्या खुदानं पैदा केलंय?"

बायकांत कुजबुज झाली. मी वाटेत काय काय ठरवून आले होते, सगळं विसरले.

"खरं आहे," मी म्हटलं. "माझं गाव वाचणार. माझं घर वाचणार. मला त्याचा आनंद होतोय, माई, खोटं कशाला बोलू? पण ही जागा माझ्या भावानं ठरवलेली नाही, आमच्या जन्माआधी ठरलीय. आणि इथली माझी शाळाही जाणार आहे. मी तुम्हाला घर सोडा म्हणायला आले नाही. घर जाणारच आहे. पोरं घेऊन चला एवढंच म्हणते."

"सरदार म्हणाले, आपण सगळे एकत्र बसलो तर काही होणार नाही," कुणीतरी म्हणालं.

"सगळे?" हे सैदाँ बोलली. हळूच, स्वतःशीच बोलल्यासारखं. मग तिनं मान वर केली. "सगळे कुठं आहेत? सकाळी हवेलीतले गालिचे मीच गुंडाळून दिले. बेगमसाहेबांचे पलंग ट्रकवर चढवले. छोट्या खानांचे कुत्रेसुद्धा गाडीत बसून मुलतानला गेले."

बायकांच्या माना तिच्याकडं वळल्या.

"कुत्रे?" माई बख्ताँ म्हणाली.

"मोठे दोन. मागच्या सीटवर. चादर घातली त्यांच्याखाली."

माई बख्ताँ मांडीवरच्या नातवाला खांद्यावर टाकून, गुडघ्यावर हात देऊन उठली. तिच्यामागं आणखी एक उठली.

"बसा!" करमदाद ओरडला. "बसा खाली! सरदारांचा हुकूम आहे!"

तो बंदूक घेऊन तिच्या वाटेत उभा राहिला. माई थांबली नाही. तिची छाती बंदुकीच्या नळीला टेकली तेव्हाच ती थांबली.

"घाल गोळी," ती म्हणाली. "तुला अंगावर पाजलंय मी, तुझी आई तापानं पडली होती तेव्हा. घाल. मग जाऊन सांग, सरदारांचे कुत्रे पोचले का नीट."

करमदादनं हवेत गोळी झाडली. पोरं किंचाळली. एक बाई घसरली, मी तिचा हात धरला आणि आम्ही दोघी पाण्याच्या कडेला गुडघ्यांवर पडलो. क्षणभर वाटलं, संपलं. पण खालचे पुरुष, जे इतका वेळ मान घालून उभे होते, ते गोळीच्या आवाजानं बांधावर चढायला लागले. सैदाँचा नवरा सगळ्यांत पुढं. बंदूकवाले एकमेकांची तोंडं बघत राहिले. तीही त्याच गावची पोरं. त्यांच्याही आया त्या ओळीत होत्या. करमदादनं दुसरी गोळी झाडली नाही.

ट्रॉल्या भरत राहिल्या. शेळ्या, बाजा, पेट्या, म्हातारे. सूर्य कलला तेव्हा यंत्रं बांधाला लागली. रियासत तिथं उभा होता. माती पहिल्यांदा थोडी सरकली, मग बांध एखाद्या भाकरीसारखा तुटला आणि पाणी आत घुसलं. त्याचा आवाज मी सांगू शकत नाही. उसाची शेतं एकापाठोपाठ एक झोपली. मी माझ्या शाळेचं छप्पर बघत होते. ते दिसेनासं झालं तेव्हा बाकीच्या बायकांबरोबर मीही रडले.

बॅरेज वाचलं. शहर वाचलं. शहरातल्या लोकांना मात्र कधी कळलंच नाही, की ते बुडणार होते.

हवेलीत मात्र दोन माणसं मेली. चौकीदार सावन आणि त्याची बायको. सरदारांच्या मुलानं, छोट्या खानांनी, जाताना त्यांना सांगितलं होतं, फाटक सोडून हलायचं नाही. ते हलले नाहीत. आमच्या ट्रॉल्या फाटकापर्यंत गेल्या होत्या, पण आतून कुणी आवाज दिला नाही, आणि पोलिसांना वाटलं हवेली रिकामी आहे.

त्या दोन जिवांचा गुन्हा रियासतवर नोंदला गेला. फिर्याद सरदारांची. टीव्हीवर दोन नकाशे दाखवायचे. एका बाजूला बुडलेलं सरदारपूर, दुसऱ्या बाजूला कोरडी बस्ती मस्तोई, आणि मधे माझ्या भावाचा हसरा फोटो, कुठल्याशा लग्नातला. जे लाहोरवाले 'मंत्र्याला योग्य वाटेल ते' म्हणाले होते, त्यांनी फोन उचलणं बंद केलं. त्यानं राजीनामा दिला. तुफैलसाहेबांनी चौकशीत खरं सांगितलं आणि त्यांची बदली झाली. खटला वर्षानुवर्षं चालला. शेवटी रियासत सुटला, तेव्हा कुठल्या पेपरात ते छापून आल्याचं मी पाहिलं नाही.

पण त्याला तोडलं ते आमच्याच गावानं.

पुढच्या निवडणुकीत पक्षानं सरदारांच्या मुलाला उमेदवारी दिली. रियासत अपक्ष उभा राहिला. बस्ती मस्तोईत सभा ठेवली. काय गर्दी होती! ढोल, फुलं, चुलींवर पुलावाच्या मोठाल्या देगी चढलेल्या. आमचे चुलते हाजी शेरू माइकवर आले आणि म्हणाले, "मर्द असावा तर असा! सरदाराला बुडवून आपलं गाव वाचवलं! आपल्या रक्ताला जागला!"

लोकांनी टाळ्यांचा कडकडाट केला. मी व्यासपीठामागं बायकांत बसले होते. मला रियासतची फक्त पाठ दिसत होती, आणि ती ताठ होत चाललेली मला कळलं. मनात म्हटलं, गप्प बस. अल्लाच्या नावानं आज एकदा गप्प बस.

तो माइकवर गेला.

"चाचा, मी गाव वाचवलं नाही," तो म्हणाला. "फोडायची जागा डावीकडं होती म्हणून डावा फोडला. ती उजवीकडं असती तर मी हे गाव फोडलं असतं. अम्मा-अब्बांच्या कबरींसकट. आणि उद्या पुन्हा वेळ आली, तर पुन्हा नियमानंच फोडीन. हे मान्य असेल तर मत द्या."

ढोलवाल्याचे हात थांबले. कुणीतरी मागं हसलं, त्याला वाटलं थट्टा आहे. मग माणसं एकेक करून उठली. देगींमधला पुलाव तसाच राहिला.

घरी आल्यावर मी त्याच्यावर ओरडले. "काय गरज होती? ते तुझी स्तुतीच करत होते ना?"

"तीच तर सरदाराची फिर्याद आहे, आपा," तो म्हणाला. "चाचा टाळ्यांत तेच म्हणाला, जे सरकारी वकील कोर्टात म्हणतो. मी एकीकडं नाही म्हणू आणि दुसरीकडं हार घालून घेऊ?"

"निवडून आला असतास."

"आलो असतो," तो म्हणाला, आणि बूट काढायला वाकला.

सपाटून हरला. बस्ती मस्तोईच्या केंद्रावरही सरदारांचा मुलगा पुढं होता. त्या मुलाला पुढं कुठलंसं मंत्रिपदही मिळालं.

रियासत पुन्हा तहसिलीच्या कोर्टात बसतो. लोक अजून त्याला वजीरसाहेब म्हणतात, काही मानानं, काही चिडवायला. तो दोघांनाही सारखाच सलाम करतो. माझी शाळा नव्या जागी उभी राहिली आहे, उंच जोत्यावर. मी निवृत्त झाले. सैदाँची धाकटी तिथं शिकवते.

मागच्या आठवड्यात तो गावी आला होता. हाजी शेरू वाटेत भेटले. चुलता-पुतण्या इतकी वर्षं बोलत नव्हते. म्हाताऱ्याच्या जमिनीचा काही वाद होता, त्याच्याच पोरानं फसवलं होतं. म्हातारा उभा राहिला, घसा खाकरला आणि म्हणाला, "तारीख लागलीय माझी. कुणी चांगला वकील असेल तर सांग."

रियासतनं त्याच्या हातातलं गाठोडं घेतलं. "चल, चाचा," तो म्हणाला. "कोणत्या कोर्टात आहे?"